जागेश्वररावांचे एकेचाळीस काठ

१

“यमुताई, बाबा गेले!”

दसऱ्यानंतरच्या शुक्रवारी सकाळी गोपिका माझ्या दारात अनवाणी उभी राहून असं ओरडली, तेव्हा मी चहाचा कप खाली ठेवला आणि सरळ विचारलं, “अगं, बाबा तर श्रावणातच गेले. डोकं ठिकाणावर आहे का तुझं?”

“तेव्हा माणूस गेला जी. आज बाकीचं गेलं.”

एवढं बोलून ती माझ्या उंबऱ्यातच बसली आणि हमसाहमशी रडायला लागली. मला रडणाऱ्या माणसांचा राग येतो, कारण मग मलाही रडू येतं. मी तिला पाण्याचा पेला दिला आणि दटावून म्हटलं, पहिल्यापासून सांग.

गोपिका माझी भिंतीला भिंत शेजारीण. सक्करदऱ्याला आमची दोन घरं एकाच कंपाउंडात आहेत. तिचं माहेर तांडापेठेतलं, कोष्ट्यांचं. वडील जागेश्वरराव, पन्नास वर्षं हातमागावर नागपुरी लुगडी विणलेला माणूस. लुगड्याचे एकेचाळीस काठ त्यांना तोंडपाठ होते. कागदावर त्यातला एकही नव्हता, कारण म्हाताऱ्याला लिहिता येत नव्हतं आणि ज्यांना येत होतं त्यांनी कधी विचारलं नाही. चैत्रात त्यांच्या उजव्या अंगावरून वारं गेलं, माग थांबला. गोपिकानं त्यांना आपल्या घरी आणलं. दिवसा ती एका ऑफिसात टायपिंग करायची. संध्याकाळी घरी आली की वडील धाग्यांचा हिशेब सांगायचे, “सात लाल, दोन सोड, एक पिवळा, दोन सोड,” आणि ती घरच्या कॉम्प्युटरवर उतरवून घ्यायची. हो, १९८९ साली आमच्या लाइनीत कॉम्प्युटर होता! तिचा नवरा मधुसूदन, त्याच्या ऑफिसनं जुना म्हणून काढलेला स्वस्तात आणला होता. चार महिने हे चाललं. एकेचाळिसावा काठ झाला आणि आठ दिवसांत म्हातारा गेला.

“सोमवारी विणकर केंद्रात द्याचे होते सगळे छापून,” गोपिका म्हणाली. “बाबाच्या नावानं पुस्तक निघनार होतं. आज सहा वाजता चालू केला, तं स्क्रीनवर इंग्रजीत कायतरी एक ओळ आली, यंत्र घरघरलं, अन् आतलं सारं साफ. मंग मी जपून ठेवलेल्या तीन फ्लॉप्या काढल्या. तिन्हींवर सारे काठ होते. एक घातली, कोरी. दुसरी घातली, कोरी. तिसरीबी कोरी! यमुताई, ज्याच्या हातानं हे झालं त्याचे हात झडोत.”

“असं बोलू नये, गोपिका.”

“बोलनार. मले मालूम आहे कोणाचे हात आहेत ते.” तिनं पदरानं नाक पुसलं. “माह्या सख्ख्या भावाचे. यंदाच्या भाऊबीजेले त्याले ओवाळनार नाही. यंदाच नाही, कधीच नाही.”

२

मी टेलिफोन एक्स्चेंजमध्ये एकतीस वर्षं नोकरी केली, त्यातली शेवटची अकरा तक्रार विभागात. फोन बंद पडला की लोक आधी लाइनमनला शिव्या घालतात, मग शेजाऱ्याला, मग सरकारला. दहातल्या सात वेळा दोष घरातच निघतो. रिसीव्हर नीट ठेवलेला नसतो, दुसरं काही नाही. म्हणून मी कुणाचं नाव ऐकलं की लगेच विश्वास ठेवत नाही.

“तुझा भाऊ मारोतराव का करेल असं?” मी विचारलं.

“एका व्यापाऱ्याले बाबाचे काठ पाहिजे होते यंत्रमागासाठी. मारोतभाऊ तिथंच कामाले आहे. मी नाही म्हटलं. तेरवीच्या दिवशी भांडला माह्याशी, चार लोकांसमोर. म्हणे, काठ तुह्या एकटीचे नाहीत. मले नाही तं तुलेबी नाही, असंच केलं त्यानं.”

मी तिच्या घरात गेले. समोरच्या खोलीत टेबलावर कॉम्प्युटर, त्यावर खंडेनवमीला वाहिलेलं हळदकुंकू तसंच, झेंडूची एक पाकळी वाळून चिकटलेली. भिंतीवर गोपिकाच्या अक्षरात कागद: ‘बाहेरची फ्लॉपी लावू नये. कोणीही.’ शेवटचा शब्द दोनदा अधोरेखित. बाई कडक. माझ्याहून कडक.

मधुसूदन खिडकीजवळ पडेल चेहऱ्यानं उभा होता. “ताई, मले वाटते कुंकू गेलं आत.”

“कुंकवानं तीन फ्लॉप्या कोऱ्या होतात?”

त्याच्यावरही माझा संशय होताच. विद्यापीठाच्या पोरांचे प्रबंध टाइप करून तो चार पैसे मिळवायचा, आणि सासऱ्याच्या काठांनी यंत्रात जागा खाल्ली म्हणून कुरकुरायचा. भिंतीला भिंत आहे, मला सगळं ऐकू येतं.

“आणि तुमचं ते रोजचं भांडण कशावरून व्हायचं रे? फ्लॉपी राहिली, फ्लॉपी राहिली असं ओरडायची ना ही?”

“ते होय.” मधुसूदननं बायकोकडे चोरून पाहिलं. ती स्वयंपाकघरात गेली होती. तो हळू आवाजात म्हणाला, “ही सांजेला यंत्र चालू करे तं कधी कधी चालूच नाही होये. पाहावं तं हिचीच एखादी फ्लॉपी खाचेत अडकवलेली. ती काढली का मंग चाले. ही मले म्हने, तू ठेवते. ताई, मी एकदाबी नाही ठेवली. दुपारी तं मी ऑफिसात.”

“मग सांगितलं नाहीस?”

“नाही म्हटलं असतं तं दोन घंटे भांडण. हो म्हटलं, दोन मिनिटांत मिटलं.”

नवरे हे असे. खरं बोलायचा आळस. “आता होतं का तसं?”

“नाही जी. कधीचं थांबलं. पोळ्यापर्यंत तं नक्कीच थांबलं होतं.”

मी ते मनात ठेवलं आणि चष्मा लावून कॉम्प्युटरच्या कळा पाहिल्या. उजवीकडे आकड्यांचा वेगळा खण होता. त्यातल्या चारच कळांच्या कडेला पांढरं काहीतरी वाळलेलं होतं. दोन, चार, सहा, आठ. एक, तीन, पाच, सात, नऊ लखलखीत. आता एकेचाळीस काठांमध्ये धागे काय फक्त जोडीनंच होते? आणि गोपिका टायपिस्ट, ती आकडे वरच्या ओळीत मारते. मी ते पांढरं नखानं खरवडलं आणि जिभेला लावलं. चुना.

“मधुसूदन, या चार कळांचं काय काम असतं?”

“त्याईवर बाण आहेत ताई. वर, खाली, डावीकडं, उजवीकडं. आमच्या कामात नाही लागत फारसे.”

“मग कशात लागतात?”

त्याचा चेहरा एकदम बदलला. “खेळात,” तो म्हणाला. “व्हिडिओ गेममध्ये.”

दाराशी गोपिका उभी होती. तिच्या हातातला डबा खाली पडला. “मारोतभाऊ खर्रा खाते, तंबाखू-सुपारी-चुन्याचा,” ती म्हणाली. “चुना त्याचाच.”

३

कॉम्प्युटरचे गेम नागपुरात तेव्हा दोन-तीन ठिकाणीच मिळायचे. मधुसूदननं सांगितलं, जरीपटक्याच्या बाजारात ओमप्रकाश म्हणून एक आहे. मी बस पकडली आणि दुपारी त्याच्या दुकानात उभी राहिले. दोन कापडवाल्यांच्या मधली बोळकांडी, भिंतभर व्हिडिओ कॅसेटी, एका खोक्यात फ्लॉप्या. हा पस्तिशीचा, गोलमटोल, घाबरट डोळ्यांचा माणूस.

“मेरे यहाँ सब ओरिजिनल है ताई,” मी काही विचारायच्या आतच तो म्हणाला.

“बाबा रे, एकतीस वर्षं मी फोनवर लोकांचं खोटं ऐकलंय. चेहरा न बघता ओळखायचे, तुझा तर समोरच आहे.”

तो हसला नाही. स्टुलावर बसला, मलाही दुसरं स्टूल दिलं. मी सक्करदऱ्याची हकिगत सांगितली, तसा त्यानं कपाळावर हात मारून घेतला. “तुम्ही चौथ्या, ताई. सुबहसे तीन गिऱ्हाईक रडून गेले. सगळ्यांचं आजच.”

मग त्यानं सांगितलं ते मला समजलं तसं लिहिते. ओरिजिनल गेम परवडत नाही, म्हणून लोक त्याची नक्कल विकत घेतात. नक्कलेची नक्कल, तिची आणखी नक्कल, मुंबईहून येते, दिल्लीहून येते. वाटेत कुणीतरी विकृत डोक्याचा माणूस त्यात एक चोर बसवतो. त्याला व्हायरस म्हणतात. फ्लॉपी खाचेत घालायची, बटण दाबायचं, गेम आपोआप सुरू होतो. गेम झकास चालतो, पण तेवढ्यात चोर गुपचूप यंत्रात शिरून बसतो. महिनोन्‌महिने काही करत नाही. त्याची तारीख ठरलेली असते. त्या दिवशी उठतो आणि सगळं पुसून टाकतो. यंदा ती तारीख आजची होती.

“म्हणजे हे मुद्दाम कुणी केलेलं नाही?”

“किसीने नहीं किया ताई. किसीने बस खेला.”

माझ्या जिवात जीव आला. खेळणं हा काही गुन्हा नाही. मग मला त्या तीन फ्लॉप्या आठवल्या. काठ त्यांवर आधीच उतरवलेले होते, त्या तर कपाटात होत्या. मी विचारलं, “आणि चोर जागा झाल्यावर त्याच यंत्रात दुसरी फ्लॉपी घातली तर?”

ओमप्रकाश माझ्याकडे नुसता पाहत राहिला. “घातली?”

“तीन. एकीमागून एक.”

“कपाटात अच्छ्या होत्या त्या,” तो अगदी हळू म्हणाला. “यंत्र बंद करून माझ्याकडे आणल्या असत्या, तर मी पाच मिनिटांत सगळं काढून दिलं असतं. ताई, त्या बेटीला हे सांगू नका.”

म्हणजे जे उरलं होतं ते पोरीनं स्वतःच्या हातानं घातलं होतं. मी पाणी मागितलं, प्यायले, आणि ज्यासाठी आले होते ते विचारलं. सक्करदऱ्याच्या कुणी गेम नेला होता का?

“सक्करदऱ्याचा नाही. तांडापेठेचा एक आहे. मारोतराव. पण ताई, उसका मामला कुछ अजीब था.” त्यानं डोकं खाजवलं. “मेमध्ये मोटारींचा गेम नेला, दोन दिवसांत वापस आणला. म्हणे, दुसरा द्या, स्लोवाला. हात धीमा चलता है, असं म्हणाला. मी वरून तुकडे पडतात आणि ते ओळीत बसवायचे असतात तो दिला. मग खूश झाला.”

मारोतराव यंत्रमागावर एका वेळी चार माग सांभाळतो. त्याचा हात धीमा?

४

तांडापेठेत पोचले तेव्हा पाच वाजले होते. मारोतराव कामावरून येऊन नुकताच हातपाय धूत होता. त्याची आई, रुखमाबाई, ओट्यावर तांदूळ निवडत होती. मी बाहेरच्या खोलीत बसले. मारोतराव समोर आला. पंचेचाळिशीचा, रुंद खांद्यांचा माणूस, पण मान खाली.

“गोपीनं धाडलं ना तुमाले?” तो म्हणाला. “तिचा निरोप आला होता शेजारच्या फोनवर. म्याच केलं ताई. गेम म्या लावला. चुकलो. तिले सांगा, भाऊ मेला समज.”

फळीवरून काढून त्यानं एक फ्लॉपी माझ्या हातात दिली. “हे घ्या. जाळा का फेका.”

माणूस इतक्या चटकन कबूल झाला की मला खटकतं. तक्रार विभागात असे लोक यायचे, दुसऱ्याचं बिल आपल्या अंगावर घेणारे. बहुतेकदा आया असायच्या.

“कधी लावलास?”

“असाच, रविवारी. जेव्हा भेटाले जाऊ तेव्हा.”

“रविवारी गोपिका घरी असते. तिच्या समोर?”

तो गडबडला. “दुपारी. ती झोपे तेव्हा.”

“बरं. मग मला दाखव, ही खाचेत घालतात कशी? कोणती बाजू आत?”

मारोतरावानं फ्लॉपी घेतली, उलटसुलट केली आणि चिठ्ठी चिकटवलेली बाजू पुढे केली. ती बाजू तर हातात धरायची असते; दुपारी ओमप्रकाशनं मला दाखवलं होतं. ह्या माणसानं उभ्या जन्मात फ्लॉपी यंत्रात घातलेली नव्हती. आणि त्या चिठ्ठीवर, अंगठा येतो बरोब्बर तिथे, चुन्याचा एक वाळलेला ठसा होता.

“खर्रा खातोस ना तू? चुना कुठे ठेवतोस?”

“चुना काहून ठेवीन ताई? खर्रा तं पानठेल्यावरून घोटूनच मिळते.”

बोलून गेला आणि मग त्याला कळलं आपण काय बोललो. त्यानं ओठ आवळले. खोलीच्या त्या टोकाला जागेश्वररावांचा माग उभा होता. चैत्रापासून कुणी बसलं नव्हतं, धूळ साचली होती. शेजारच्या कोनाड्यात म्हाताऱ्याची तंबाखू-चुन्याची जुनी डबी होती. पण फणीमध्ये वीतभर लांबीचे धागे तसेच लोंबत होते, शेकडो, सगळे नीट विंचरलेले. मी विषय बदलावा म्हणून रुखमाबाईला विचारलं, “हे कापून काढलं नाहीत अजून?”

“नाही वं बाई!” ती म्हातारी दचकलीच. “रिकामा माग ठेवत नसतात. लुगडं कापून घेतलं तरी शेवटचे धागे फणीत राहू द्याचे. नवा ताणा, म्हंजे उभे धागे, आला का त्यालेच सांधाचा. एकदा रिकामा झाला का सारे धागे पहिल्यापासून ओवा लागतात. अन् अपशकुन तो वेगळा. आमचे हे तं लय पाळत. पोरीच्या घरी गेले तं तिथंबी म्हनत, यंत्राचं तोंड रिकामं ठेवू नये.”

“माय, चूप बस!” मारोतराव ओरडला.

पण आता मला ऐकायचं काही उरलं नव्हतं. सांजेला खाचेत अडकवलेली गोपिकाचीच फ्लॉपी. पोळ्याआधी थांबलेला तो प्रकार. तळहातावर तंबाखू-चुना मळणारा अंगठा. वारं गेलेला, धीमा हात. दुपारी घरात असणारा एकमेव माणूस.

मारोतराव माझ्या पायाशी बसला. “ताई, तुमच्या पाया पडतो. गोपीले सांगू नका. बाबानं मले शपथ घातली होती, म्हणून तं तो गेला त्या दिवशी ही फ्लॉपी म्याच उचलून आणली.”

५

बसमध्ये मी सगळा रस्ता विचार करत होते. मारोतराव शेजारी बसला होता आणि सारखा तेच म्हणत होता, माझं नाव सांगा. खोटं सांगितलं तर पोरीचा भाऊ जाईल. खरं सांगितलं तर बाप पुन्हा एकदा जाईल. शेवटी मी ठरवलं, अर्धं सांगायचं. गेम कुणी लावला ते सांगायचं, तीन फ्लॉप्यांचं नाही सांगायचं. अकरा वर्षं लोकांना त्यांच्या घरातला दोष सांगितला, एकदा लपवला तर काय बिघडलं?

गोपिकानं भावाला पाहिलं आणि दार लावायला लागली. मी पाय आड घातला.

“आत घे त्याला. त्याच्याशी बोलू नकोस हवं तर, पण मी बोलते ते ऐक.”

ती टेबलाशी बसली, मधुसूदन तिच्या मागे उभा. मारोतराव दारातच. मी सांगायला सुरुवात केली. व्हायरस काय असतो ते सांगितलं. कुणी वैरानं केलेलं नाही, गेम खेळण्यातून आलं, हे सांगितलं. मग एकेक खूण तिच्यापुढे ठेवली.

“तुझ्या फ्लॉप्या खाचेत कोण ठेवायचं? मधुसूदन नाही, तो दुपारी घरी नसे. मारोतरावाला फ्लॉपी घालता येत नाही, मी पारखून आले. गेम काढून लपवायचा आणि मग यंत्राचं तोंड रिकामं राहू नये म्हणून तुझी एक फ्लॉपी अडकवून ठेवायची, ही सवय कुणाची? रिकामा माग न ठेवणारा माणूस या घरात कोण होता, गोपिका?”

तिचा हात कळांच्या उजव्या बाजूकडे गेला आणि तिथेच थांबला.

“बाबाले इंग्रजी येत नव्हतं,” ती पुटपुटली.

“काही यायला लागत नाही. फ्लॉपी घालायची, बटण दाबायचं. त्यांनी तुला रोज करताना पाहिलं होतं. पन्नास वर्षं माग चालवलेल्या माणसाला एक बटण जड आहे का?”

“बाबानं?” तिचा आवाज चिरकला. “बाबानंच आपले काठ…?”

“त्यांना काय माहीत, बाळा? त्यांना काय, मला नव्हतं माहीत, मधुसूदनला नव्हतं. तो दुकानदार विकतो आणि त्यालाही आज सकाळी कळलं.”

सकाळी तिनं दिलेला हात झडण्याचा शाप आम्हा दोघींनाही आठवत होता, पण दोघीही त्यावर बोललो नाही. मला वाटलं, संपलं. मी उठायला लागले. तेवढ्यात तिनं मान वर केली. पोर हुशार आहे, हेच तिचं फुटकं नशीब.

“यमुताई, तो चोर आजच जागा झाला म्हनता.”

“हो.”

“मंग कपाटातल्या फ्लॉप्या काल चांगल्या असतीन.”

मी पदर नीट करत राहिले.

“सांगा ना. काल चांगल्या होत्या का नाही?”

“होत्या.”

“आज सकाळीबी होत्या. मी घातल्या तेव्हा गेल्या.” तिनं स्वतःचे दोन्ही तळहात टेबलावर पालथे ठेवले. “एक गेली तेव्हा थांबाले पाहिजे होतं. मी दुसरी घातली. मंग तिसरी. घाई झाली जी मले. वाटलं, एकीत तरी असन.”

मधुसूदननं तिच्या खांद्यावर हात ठेवला, तिनं तो झटकला नाही. मला माझाच राग आला. मला रडू येत होतं आणि मी ते लपवलं नाही. एकेचाळीस काठ होते. जुन्या लुगड्यांवरून पुढे आम्हाला त्यातले तीन सापडले. बाकीची लुगडी गोधड्यांत फाटून गेली होती. अडतीस काठ आता या जगात कुठेही नाहीत, हे मला लिहितानाही सोसत नाही.

गोपिकानं पहिल्यांदाच दाराकडे पाहिलं. “भाऊ, तूनं आणून देल्ला?”

“हो.” मारोतराव तिथूनच म्हणाला. “बाबा म्हने, दुपार जात नाही बे, हाताले कायतरी पाहिजे. मले एका दोस्तानं सांगितलं, असे खेळ राहतात म्हणून. मले काय मालूम, गोपे.”

“मले काहून नाही सांगितलं त्यानं?”

“तुवा कागद लावला होता न भिंतीवर. भेत होता तुले.”

“बाप मले भेत होता?”

“तसं नाही वं.” मारोतराव आत आला, जमिनीवर बसला. “सांज झाली का तू त्याले घेऊन बसे. सात लाल, दोन सोड. रोज. त्याचं डोकं दुखे. म्या म्हटलं, एखाद्या दिवशी राहू द्या म्हना तिले. तं म्हने, नाही, पोरगी मन लावून करून राहिली, तिचं मन मोडू नाही. मी मरेपर्यंत पुरवतो तिचे एकेचाळीस.”

गोपिकानं डोळे मिटले. “अन् खेळ? आवडे का गा त्याले?”

“लय. एक रोज मी आलो तं दारातून पाहिलं. एका हातानं चालू होतं. मले म्हने, पाह्य बे मारोत्या, ओळ भरली का पुसल्या जाते, अन् दुसरी येते. मोजाची कटकटच नाही.” बोलता बोलता त्याच्या चेहऱ्यावर हसू आलं आणि त्यानं ते घाईनं पुसलं. “हासून हासून डोळ्यात पाणी ये त्याच्या.”

“माह्यासमोर चार महिन्यांत एकदाबी नाही हासला,” गोपिका म्हणाली. “मी कधी विचारलंच नाही त्याले, बाबा, थकला का म्हणून. मी धागेच मोजत राहिली.”